यशवंतरावांची डायरी म्हणजे जनरल चौधरींवरचं आरोपपत्र नव्हे

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

१९६५च्या भारत-पाक लढाईवरचे मेसेज हल्ली परत फिरायला लागलेत आणि बहुतेकांत एकच गोष्ट असते, की तेव्हाचे संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाण यांच्या डायरीत लिहिलंय म्हणे लष्करप्रमुख जनरल चौधरी घाबरले होते. तेवढीच ओळ उचलायची, वर भित्रा जनरल असं लिहायचं आणि पुढे पाठवून द्यायचं. हे वाचून खरंच वाईट वाटतं, चौधरींसाठी तर वाटतंच पण त्याहून जास्त यशवंतरावांसाठी, कारण त्या नोंदी त्यांनी स्वतः हयातीत कधी छापल्या नाहीत. ते गेले २५ नोव्हेंबर १९८४ला आणि त्यांचे युद्धकाळातले खाजगी सचिव राम प्रधान यांनी त्या पुस्तकात आणल्या २००७ मध्ये.

आत्मचरित्राचं म्हणाल तर 'कृष्णाकाठ' १९४६ पर्यंत येऊन थांबतं. पुढचे दोन भाग त्यांच्या मनात होते, मुंबईच्या वर्षांचा 'सागरकाठ' आणि दिल्लीचा 'यमुनाकाठ', पण वेणूताई १९८३ मध्ये गेल्या आणि पुढच्याच वर्षी तेही गेले. म्हणजे संरक्षणमंत्री म्हणून त्यांनी जे पाहिलं त्याचं सविस्तर पुस्तक त्यांच्या हातून झालंच नाही, आणि दुसऱ्या बाजूला जनरल लोकांची पुस्तकं मात्र भरपूर आली. जनरल कौल यांनी १९६२च्या चीन युद्धाची आपली बाजू मांडली, पश्चिम कमांडचे प्रमुख हरबक्षसिंग यांनी १९६५ची मांडली. चर्चिलने महायुद्धावर सहा खंड लिहिले तर त्याचे लष्करप्रमुख ॲलनब्रुक यांना वाटलं की आपल्याला श्रेय कमी दिलं, मग त्यांच्या डायऱ्या बाहेर आल्या. तिकडे निदान दोन्ही बाजू लोकांसमोर तरी आल्या, आपल्याकडे मंत्र्याच्या बाजूने फक्त या घाईघाईत लिहिलेल्या नोंदी आहेत, म्हणून त्या नीट वाचल्या पाहिजेत असं माझं म्हणणं आहे.

आता त्या नोंदीत काय आहे ते बघा. पाकिस्तानातल्या कासूरच्या बाजूला त्यांचे जोरदार प्रतिहल्ले आले, आपल्याला मागे यावं लागलं, दिवस फार अवघड गेला, लष्करप्रमुख जरा डळमळीत वाटले, आणि यशवंतरावांनी त्यांना सुचवलं की तुम्ही पुढे आघाडीवर जाऊन या म्हणजे खरी परिस्थिती कळेल. चौधरी म्हणाले उद्या जातो. बस. यात अपमान कुठे आहे? राजीनामा मागितला नाही, हरबक्षसिंगांना परस्पर फोन करून चौधरींना बाजूला सारलं नाही, पेपरवाल्यांच्या कानात काही सोडलं नाही. खचत चाललेल्या माणसाला त्याच्याच फौजेत पाठवलं. मंत्र्याने लष्कराशी कसं वागावं याचं याहून चांगलं उदाहरण मला तरी माहीत नाही, आणि आधीचे संरक्षणमंत्री कृष्ण मेनन आणि लष्करप्रमुख थिमय्या यांच्यातला १९५९चा राजीनाम्यापर्यंत गेलेला वाद ज्यांना आठवतो त्यांना यातला फरक वेगळा सांगायला नको.

शिवाय हे दोघंही आले ते १९६२च्या पडझडीतून. चीनपुढे माघार झाली, लष्करप्रमुख थापर पायउतार झाले, चौधरी आले, त्याच आठवड्यात यशवंतराव मुंबई सोडून दिल्लीला गेले. याच चौधरींनी १९४८ला हैदराबादची पोलिस ॲक्शन केली होती आणि १९६१ला गोवा मुक्त झाला तेव्हा दक्षिण कमांड त्यांच्याकडेच होती, हे निदान मराठवाड्यातल्या आणि गोव्यातल्या लोकांनी तरी विसरू नये.

त्यांच्या चुका झाकायच्या असं मी म्हणत नाही. हरबक्षसिंगांनी लिहिलंय की चौधरींनी पंजाबातल्या बियास नदीच्या मागे यायला सांगितलं आणि मी नकार दिला, हे खरं असेल तर फार गंभीर आहे, कारण त्याच भागात असल उत्तर या गावी १० सप्टेंबरला पाकिस्तानच्या पॅटन रणगाड्यांचा चुराडा झाला. पण हे पुस्तक आलं तेव्हा उत्तर द्यायला चौधरी हयात नव्हते, ते १९८३ लाच गेले. दारूगोळ्याचं तसंच. प्रधानांनी नोंदवलंय की शेवटी शेवटी शास्त्रीजींनी विचारलं तेव्हा चौधरींनी आघाडीवरचा बहुतेक दारूगोळा संपला असं सांगितलं आणि नंतर हिशेब लागला तेव्हा जेमतेम १४ टक्के वापरला गेला होता. हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं, कारण २३ सप्टेंबरच्या युद्धबंदीशी त्याचा थेट संबंध आहे, पण मेसेजवाल्यांना यात रस नाही, त्यांना भित्रा हा शब्द हवा असतो.

आणि १ सप्टेंबरची संध्याकाळ तर कोणीच सांगत नाही. जम्मूच्या छांब भागात पाकिस्तानी रणगाडे घुसले, चौधरी आणि हवाईदल प्रमुख अर्जनसिंग यशवंतरावांकडे आले, विमानं वापरायची परवानगी हवी होती, आणि पंतप्रधानांची वाट न बघता काही मिनिटांत यशवंतरावांनी हो म्हटलं. पठाणकोटहून विमानं उडाली, चार व्हॅम्पायर त्याच संध्याकाळी आपण गमावली. त्या होकाराची जबाबदारी त्यांच्या एकट्याच्या डोक्यावर होती, पण म्हणून मी युद्ध जिंकलं असं ते सांगत फिरले नाहीत.

तर विनंती एवढीच की सप्टेंबरच्या त्या नोंदी, हक्क ज्यांच्याकडे असतील त्यांची परवानगी काढून, तुम्ही रविवार पुरवणीत तारीखवार छापा, आणि शेजारी हरबक्षसिंग काय म्हणतात, प्रधान काय म्हणतात तेही द्या, काटछाट न करता. फक्त त्यातली एकच ओळ उचलून हेडिंग करू नका.

आपला,
एक वाचक, कराड