आधी अधिकार, मग निवाडा

महोदय,

धुऱ्याच्या (शेताच्या बांधाच्या) वादात तहसीलदाराने ‘दिवाणीत जा’ म्हटले की आमच्या गावात लोक चिडतात. हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयातही अनेकदा पहिली झुंज हीच: खटला ऐकायचा अधिकार आहे का? तिथे तो देशांच्या संमतीतूनच येतो. १९९९ मध्ये भारताने पाकिस्तानचे ‘अटलांटिक’ विमान पाडले, तेव्हा पाकिस्तान हेगला गेला. पण राष्ट्रकुल देशांशी (पाकिस्तान त्यातलाच) होणारे वाद भारताने आपल्या संमतीतून आधीच वगळले होते. २००० मध्ये न्यायालयाने १४ विरुद्ध २ मतांनी हात वर केले. पाकिस्तानने फाशी सुनावलेल्या कुलभूषण जाधव या भारतीयाच्या प्रकरणात मात्र वकिलातीच्या मदतीविषयीच्या व्हिएन्ना कराराच्या ऐच्छिक प्रोटोकॉलमध्ये (असे वाद हेगला नेण्यास मान्यता देणारा जोडकरार) दोन्ही देश सामील, म्हणून भारताला दार उघडले. (पानटपरीवर ‘जिंकलो’ एवढेच पोहोचले.) २०१९ च्या निकालात शिक्षेच्या फेरविचाराचा आदेश होता, सुटकेचा नव्हे.

– एक कापूस उत्पादक, दारव्हा (जि. यवतमाळ)