आत्या, तुम्ही आलात म्हणून माझी नोकरी टिकली

आत्या,

तोंडावर आभार मानले तर तुम्ही "पुरे गं, दुसरं काही काम नाही का" म्हणून उडवून लावाल, म्हणून इथे सगळ्यांसमोर लिहितेय.

२०१७ च्या कायद्याने २६ आठवड्यांची रजा मिळाली खरी, पण ती संपत आली तसा घरात एकच विषय, बाळाला कोण बघणार. सासूबाईंचे गुडघे धड नाहीत, माझी आई अजून नोकरीत, पाळणाघरात एवढ्याशा बाळाला ठेवायला जीव धजेना, आणि मी मनातल्या मनात राजीनामा लिहूनही टाकलेला. तुम्हाला कोणी बोलावलं पण नव्हतं हो, फोनवर नुसतं कानावर पडलं आणि वाईहून एसटीने थेट स्वारगेट! वर "बायकांना अर्धं तिकीट आहे की आता" हे ऐकवलंत.

वर्षाच्या आत मध चाटवायचा नाही असं डॉक्टर म्हणाल्या तेव्हा सासूबाईंचा चेहरा पडला होता. तुम्ही म्हणालात, "आपल्या वेळी कोणी सांगितलं नाही, आता सांगतायत तर ऐकूया की वहिनी." विषय संपला. हेच मी बोलले असते तर महाभारत झालं असतं (सासूबाई, हे वाचत असाल तर रागावू नका). पंप केलेलं दूध गॅसवर नाही, कोमट पाण्यात बाटली ठेवून गरम करायचं हे पण एकदा सांगितलं तेवढंच, परत कधी विचारावं लागलं नाही, मी ऑफिसात निवांत.

आणि ते नाचणीचं सत्व! नाचणी रात्रभर भिजवायची, फडक्यात बांधून मोड आणायचे, सावलीत वाळवून दळायची आणि मग सुती कापडातून वस्त्रगाळ. हे शेवटचं काम तुम्ही मुद्दाम भाच्याच्या गळ्यात मारलंत, "पोरगं तुझंही आहे ना" म्हणून. मांडीजवळ परात, मिशीला पीठ, कपाळावर आठ्या, असा नवरा मी पहिल्यांदा बघितला. तो फोटो फॅमिली ग्रुपवर गेल्यापासून रात्रीची लंगोट बदलायची ड्युटी पण त्यानेच घेतलीय, मी काही बोलले नाही, चालू दे म्हटलं.

तुम्ही गावी गेल्यापासून डबा रिकामा होत आलाय. परवा साहेबांनी स्वतःच नाचणी भिजवली, मोड आले पण आंबट वास मारत होते, सगळी फेकली. पाणी कधी बदलायचं ते विचारायला संध्याकाळी फोन करणारे, तेवढा उचला.

तुमची सूनबाई