खजिना म्हणायच्या आधी निकेलचा भाव तरी बघा

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

मागच्या आठवड्यात आपल्या पेपरात समुद्रतळाच्या खाणकामावर अर्धं पान लेख आला होता, तो मी दोनदा वाचला. 'खजिना' हा शब्द त्यात सात वेळा आलाय, मोजला मी. निकेलचा भाव मात्र एकदाही नाही! मी स्टेनलेस स्टीलच्या धंद्यात खरेदी विभागात तेवीस वर्षं काढली, सकाळी उठल्या उठल्या लंडनचा निकेलचा भाव बघायचा ही खोड रिटायर झाल्यावरही गेली नाही, म्हणून राहवलं नाही आणि लिहायला बसलो. पत्र लांबलं तर कात्री लावा, पण आकडे कापू नका.

आधी माल काय आहे ते. हवाई आणि मेक्सिकोच्या मधे पॅसिफिकमधे क्लॅरियन-क्लिपर्टन नावाचा पट्टा आहे, पाणी चार ते साडेपाच किलोमीटर खोल, आणि तळाच्या चिखलावर बटाट्याएवढे काळे गोळे पसरलेत, त्यांना नोड्यूल म्हणतात. दहा लाख वर्षांत काही मिलिमीटर एवढीच त्यांची वाढ. वाळवून तपासले तर मँगनीज ३० टक्क्यांच्या आसपास, निकेल साधारण १.३, तांबं १.१ आणि कोबाल्ट ०.२ टक्के. हे काही नवीन सापडलेलं नाही, १८७२ ते ७६ मधे ब्रिटनचं चॅलेंजर हे संशोधन जहाज जगभर फिरलं तेव्हाच जाळ्यात आले होते.

आता साधा हिशोब करू, कागद-पेन्सिल पुरते. समजा एखाद्या कंपनीने वर्षाला ३० लाख टन कोरडे नोड्यूल वर काढले, म्हणजे खूपच मोठं काम झालं. त्यात निकेल किती, तर सगळंच्या सगळं हाताला लागलं असं धरलं तरी ३९ हजार टन. जगातल्या खाणींतून २०२४ मधे निकेल निघालं जवळपास ३७ लाख टन, आणि त्यातलं एकट्या इंडोनेशियाचं २२ लाख टन. म्हणजे एवढा खटाटोप करून जगाच्या एक टक्का! कोबाल्टचं उलटं आहे, तो या हिशोबाने ६ हजार टन निघेल आणि कोबाल्टचा बाजार मुळातच लहान, म्हणजे अशा चार-पाच कंपन्या उतरल्या की आपल्याच मालाने आपलाच भाव पाडणार. मँगनीज ९ लाख टन, पण ते स्वस्तातलं काम, जमिनीवर हवं तेवढं पडलंय.

"पण निकेलचा तुटवडा आहे ना" असं लेखात गृहीतच धरलंय. कुठे आहे तुटवडा? २०२५ भर निकेल टनाला १५ हजार डॉलरच्या आजूबाजूला रेंगाळत होतं. ऑस्ट्रेलियात बीएचपी या बड्या खाण कंपनीने २०२४ मधे आपलं निकेलचं काम थांबवलं, पॅसिफिकमधल्या न्यू कॅलेडोनिया बेटावर कोनियाम्बोचा निकेल प्लांट त्याच वर्षी बंद पडला, कारण या भावात परवडत नाही. जमिनीवरच्या, रस्ता-वीज-कामगार सगळं असलेल्या खाणी बंद होतायत आणि आपण पाच किलोमीटर पाण्याखाली जायचं म्हणतोय.

निकेल ही धातू जरा विचित्रच आहे, तिचा स्वभाव ज्याने अंगावर घेतलाय त्यालाच कळतो. २००७ च्या मे महिन्यात भाव ५० हजार डॉलरच्या वर गेला होता, आमच्या खात्यात तेव्हा अक्षरशः सुतक पडल्यासारखं वातावरण. ३०४ ग्रेडमधे, म्हणजे नेहमीच्या वापरातल्या स्टेनलेसमधे, निकेल आठेक टक्के, पण भावातला मोठा हिस्सा त्याचाच. मग काय झालं? गिऱ्हाईक २०० सिरीजच्या स्टेनलेसकडे वळलं, ज्यात निकेल कमी करून त्याची जागा मँगनीज आणि नायट्रोजनने भरतात. चीनमधल्या लोकांनी त्याहून पुढचं केलं, इंडोनेशिया-फिलिपिन्सची हलक्या दर्जाची लाल माती भट्टीत घालून निकेल पिग आयर्न, म्हणजे निकेल असलेलं कच्चं लोखंड, काढलं, जे आधी फारसं कोणी माल म्हणून धरत नव्हतं. २००८ संपता संपता भाव १० हजारांच्या खाली. ज्यांनी तेजीत मोठमोठे प्रोजेक्ट काढले होते ते डोक्याला हात लावून बसले.

इलेक्ट्रिक गाड्यांच्या बॅटरीतही तीच गोष्ट परत झाली, फरक एवढाच की यावेळी लोखंडाने बाजी मारली. एलएफपी बॅटरी म्हणजे लिथियम, आयर्न, फॉस्फेट, त्यात निकेल नाही आणि कोबाल्टही नाही. दहा वर्षांपूर्वी जाणकार म्हणायचे या बॅटऱ्या फक्त स्वस्त गाड्यांच्या, आज जगातल्या इलेक्ट्रिक गाड्यांच्या बॅटरीबाजाराचा जवळपास अर्धा हिस्सा त्यांचा आहे. आणि तसंही निकेलचं मोठं गिऱ्हाईक बॅटरी नाहीच, साधारण दोन तृतीयांश निकेल आजही स्टेनलेसमधेच जातं. स्टेनलेसचं भंगार कोणी फेकत नाही हो, त्याला भाव असतो, ते फिरून भट्टीत येतंच.

म्हणजे भाव चढला की गिऱ्हाईक पळवाट शोधतं, आणि ती पाच-सात वर्षांत सापडते. समुद्रातली खाण उभी करायला त्याहून जास्त वेळ लागतो. हे जे दोन घड्याळांचं गणित आहे ना, ते जुळतच नाही, माझं सगळं म्हणणं एवढंच आहे.

आणि हा बाजार किती बेभरवशाचा ते सांगायला ८ मार्च २०२२ ची सकाळ पुरे. रशिया-युक्रेन युद्ध नुकतंच सुरू झालेलं, निकेल-स्टेनलेसमधल्या चीनच्या त्सिंगशान ग्रुपने मोठी शॉर्ट पोझिशन घेतलेली, म्हणजे भाव पडेल या हिशोबाने पुढचे विक्रीचे सौदे करून ठेवलेले, भाव वर जायला लागला तशी ती गळ्याशी आली आणि आदल्या शुक्रवारी ३० हजारांच्या खाली असलेलं निकेल मंगळवारी सकाळी एक लाख डॉलरच्या वर! लंडन मेटल एक्स्चेंजने, म्हणजे जिथे निकेलचा भाव ठरतो त्या धातूंच्या बाजाराने, निकेलचे व्यवहार बंद केले आणि त्या दिवशीचे सौदे चक्क रद्द केले. झालेले सौदे रद्द! वर्षभराने, मार्च २०२३ मधे, रॉटरडॅमच्या गोदामात त्याच एक्स्चेंजच्या नावावरच्या निकेलच्या गोण्या उघडल्या तर आत दगड निघाले, ५४ टनांच्या कागदांमागे. तेव्हा निकेल म्हणून दगड खपवले, आता समुद्रातल्या दगडांना निकेल म्हणून खपवतायत, असं मी गमतीने म्हणतो, पण पूर्ण गंमत नाही ती.

नोड्यूलची हवा पहिल्यांदा झालेली नाही हेही लेखात हवं होतं. १९७० च्या दशकात अमेरिका, कॅनडा, जर्मनी, जपानच्या बड्या कंपन्या एकत्र येऊन उतरल्या होत्या, १९७८ मधे त्यातल्या एका गटाने सुमारे ८०० टन नोड्यूल वर काढूनही दाखवले. मग धातूंचे भाव पडले, सगळं गुंडाळलं. त्याच काळात ग्लोमार एक्सप्लोरर नावाचं अजस्र जहाज नोड्यूल काढायला निघालंय असं जगाला सांगितलं गेलं, प्रत्यक्षात १९७४ मधे सीआयए त्या जहाजाने बुडालेली सोव्हिएत पाणबुडी उचलायला गेली होती. थाप एवढी पटली की बाकीच्यांचाही नोड्यूलवरचा विश्वास वाढला. पापुआ न्यू गिनीचं तर ताजंच आहे, नॉटिलस मिनरल्स कंपनीच्या सोलवारा या समुद्रतळ-खाणीच्या प्रोजेक्टमधे त्यांच्या सरकारने सुमारे १२ कोटी डॉलर घातले, २०१९ मधे कंपनी बुडाली. एका गरीब देशाचे पैसे ते.

आता विरुद्ध बाजूचं जे खरं आहे ते मान्य करतो. इंडोनेशियाचं निकेल स्वच्छ नाही. सुलावेसी, हल्माहेरा या बेटांवरचं जंगल कापून लाल माती खणायची, कोळशाच्या विजेवर भट्ट्या चालवायच्या, नद्या आणि किनारा गढूळ. समुद्रखाणवाले म्हणतात आमच्यामुळे हे जंगल वाचेल. मनापासून वाटतं वाचावं, पण कसं वाचेल हे कोणी सांगत नाही. इंडोनेशियाचं निकेल जगात सगळ्यात स्वस्तात पडणाऱ्यांपैकी, भाव पडला की आधी बंद पडतो तो महागडा माल, म्हणजे ऑस्ट्रेलिया आणि न्यू कॅलेडोनियाच, वर सांगितलं तसं. समुद्रातून माल आला तर तो जंगलाच्या जागी नाही येणार, जंगलाच्या जोडीला येईल.

तळाबद्दल मी जाणकार नाही, थोडक्यात लिहितो. तिथले कितीतरी जीव त्या गोळ्यांनाच चिकटून राहतात कारण बाकी सगळा चिखल, धरायला दुसरं काही टणक नाही. क्लॅरियन-क्लिपर्टन पट्ट्यातल्या दहापैकी नऊ प्रजातींना अजून शास्त्रीय नावसुद्धा नाही असं २०२३ च्या पाहणीत निघालं. १९७९ मधे तिथे ट्रायलसाठी मशीन फिरवलं होतं, चाळीसहून जास्त वर्षांनी शास्त्रज्ञ परत गेले तर चाकोरी तशीच, काही प्राणी परत आलेत पण गोळे अर्थातच नाहीत. दहा लाख वर्षांत काही मिलिमीटर, मग चाळीस वर्षांत काय होणार.

कायद्याचं बघा. खोल समुद्राचा तळ कोणा एका देशाचा नाही, अख्ख्या मानवजातीचा सामाईक वारसा, असं १९८२ च्या समुद्र कायद्यात आहे, आणि त्यासाठी जमैकाच्या किंगस्टनमधे आंतरराष्ट्रीय समुद्रतळ प्राधिकरण बसलंय. शोध घ्यायचे तीसेक करार त्यांनी दिलेत, प्रत्यक्ष खणायचा एकही नाही, कारण नियमावलीच अजून पूर्ण नाही. २०२१ मधे नाउरू या चिमुकल्या देशाने दोन वर्षांत नियम करा म्हणून कलम पुढे केलं, २०२३ ची मुदत आली आणि गेली. तीसहून जास्त देश आता थांबा म्हणतायत, नॉर्वेनेसुद्धा आपल्या समुद्रातले परवाने २०२४ च्या शेवटी थांबवले. आणि अमेरिका, जिने या कायद्यावर सहीच केलेली नाही, तिच्या राष्ट्राध्यक्षांनी एप्रिल २०२५ मधे समुद्रतळाच्या खाणकामाला वेग द्यायचा आदेश काढला, लगेच कॅनडाच्या द मेटल्स कंपनीने १९८० च्या अमेरिकी कायद्याखाली खणायच्या परवान्यासाठी अर्ज टाकला. त्या वर्षी कंपनीचा शेअर कितीतरी पटींनी वर गेला. निकेल? जागच्या जागी. कमाई समुद्रात आहे की शेअरबाजारात, तुम्हीच सांगा.

चीनवरचं अवलंबून राहणं कमी करायचंय हे कारण समजू शकतो. पण नोड्यूल वर आणले म्हणजे धातू झाला असं नसतं, ते वितळवायची, शुद्ध करायची ताकद सगळ्यात जास्त चीनकडेच आहे, आणि प्राधिकरणाचे सगळ्यात जास्त करारही चीनकडेच. भारताचाही हिंदी महासागरात ७५ हजार चौरस किलोमीटरचा करार आहे २००२ पासून, मत्स्य ६००० पाणबुडीत तीन माणसं सहा किलोमीटर खाली पाठवायची तयारी चाललीय. त्याला माझा अजिबात विरोध नाही, उलट जरूर जा, बघा, मोजा, नमुने आणा. बघणं वेगळं आणि खणणं वेगळं, एवढं लेखात वेगळं करून लिहा.

पुढच्या वेळी हा विषय घ्याल तेव्हा एक चौकट द्या फक्त: निकेलचा आजचा भाव काय, आणि तळातून काढलेलं निकेल टनामागे कितीला पडेल असं कंपनी म्हणते. बाकी वाचक बघून घेतील.

आपला,
एक जुना वाचक

ता. क. लेखासोबत जो काळा धूर ओकणाऱ्या चिमणीचा फोटो छापलाय, तिथे नोड्यूल नसतात. ते उष्ण झऱ्याजवळचे सल्फाइड, वेगळं खनिज, वेगळी जागा. सोलवारात पैसे बुडाले ते त्याच्यात.