वाकडं हे कळलं, पण किती वाकडं?

महोदय,

रविवारच्या पुरवणीत ‘वक्रदर्शन’ या काल्पनिक पंथावरचा लेख वाचला. कल्पना झकास आहे. सगळं ज्ञान कोणाच्या तरी डोळ्यांतून येतं, डोळा कुठे ना कुठे वाकडा असतोच, म्हणून निखळ ज्ञान असं काही नसतं. इथवर मी लेखकामागे मुकाट्यानं चालत गेलो. पण पंथाचे आचार्य शेवटी शिष्यांना बजावतात की सगळेच वाकडे, तेव्हा कोणी कोणाला चूक म्हणू नये. तिथे मी अडलो. (पंथात न शिरताही हल्ली बरेच जण हेच म्हणतात, विशेषतः वादात हरायला लागले की.)

माझा चष्मा सिलिंडरच्या नंबराचा आहे. डोळे तपासणाऱ्या बाईंनी चिठ्ठीवर नुसतं ‘डोळा वाकडा’ असं लिहून दिलं नाही. नंबर लिहिला, त्यापुढे अक्ष किती अंशांचा तेही लिहिलं. काच त्या कोनात बसली तेव्हा कुठे अक्षरांच्या कडा धरल्या. गंमत म्हणजे पहिला आठवडाभर जमीनच कलल्यासारखी वाटत होती. इतक्या वर्षांच्या सवयीला दुरुस्तीच वाकडी वाटत होती!

नकाशांचंही तेच. मर्केटर या नकाशाकाराचा १५६९ चा जगाचा नकाशा घ्या. त्यात ग्रीनलंड जवळपास आफ्रिकेएवढं दिसतं. प्रत्यक्षात आफ्रिका त्याच्या सुमारे १४ पट आहे. तरीही खलाशांनी तो पिढ्यान्‌पिढ्या वापरला, कारण होकायंत्राची एकच दिशा धरून जायचा मार्ग त्यावर सरळ रेघेनं काढता येतो. विषुववृत्तापासून दूर जावं तसं क्षेत्र किती फुगतं याचं गणित ठरलेलं आहे. ते विसरून जो देशांचा आकार त्यावरून जोखतो, तो फसतो.

आपल्या दर्शनकारांनीही हा प्रश्न इतक्या स्वस्तात सोडला नव्हता. दोरीच्या जागी साप कसा दिसतो, यावर ‘ख्यातिवाद’ या नावानं केवढी भांडणं झाली. नैयायिकांच्या, म्हणजे न्यायदर्शन मानणाऱ्यांच्या, मते अन्यत्र पाहिलेला साप इथे भासतो. मीमांसा दर्शनातले प्रभाकराचे अनुयायी म्हणतात, खोटं ज्ञान झालंच नाही, समोरची वस्तू आणि आठवणीतला साप यांतला भेद तेवढा लक्षात आला नाही. अद्वैत वेदान्ती त्या सापाला ना सत् (खरा) म्हणत ना असत् (खोटा). पण दिवा आणल्यावर साप राहत नाही, याबद्दल यांच्यात तंटा नाही.

खरी अडचण लेखात आलीच नाही. स्वतःचा वाकडेपणा स्वतःला दिसत नाही, मग मोजायचा कोणी? १९०३ मध्ये रने ब्लाँद्लो या नावाजलेल्या फ्रेंच शास्त्रज्ञाला ‘एन-किरण’ नावाचे नवे किरण ‘सापडले’. अंधाऱ्या खोलीत अंधुक उजेड किंचित वाढला की किरण आहेत असं समजायचं, आणि वाढला की नाही हे नुसत्या डोळ्यांनी ठरवायचं. इतरही अनेकांना तो वाढलेला दिसला. १९०४ मध्ये अमेरिकेचे भौतिकशास्त्रज्ञ रॉबर्ट वुड ब्लाँद्लोंच्या प्रयोगशाळेत गेले आणि अंधारात त्यांनी उपकरणातला, किरण वळवून पसरवण्यासाठी बसवलेला ॲल्युमिनियमचा लोलक गुपचूप काढून घेतला. ब्लाँद्लो आधीसारखीच मापं सांगत राहिले. किरण मुळात नव्हतेच, पण त्यात लबाडीही नव्हती. त्यांना ते खरंच दिसत होतं.

लेखकाला विनंती, पुढच्या भागात वक्रदर्शनाच्या मठात असा एखादा वुड शिष्य म्हणून धाडावा. दिवे मालवल्यावर लोलक कोणाच्या खिशात गेला, हे मात्र आचार्यांना कळू देऊ नये.

आपला,
एक नियमित वाचक