मिसिसिपीतली मतदार नोंदणी

प्रिय सुधीर,

स. न. वि. वि.

मतदार नोंदणीचा नमुना ६ भरून घ्यायला गेलास की लोक दारातूनच वाटेला लावतात, असं लिहिलंस. आणि १९६०च्या दशकात अमेरिकेतल्या मिसिसिपी राज्यात कृष्णवर्णीयांची मतदार नोंदणी करणारी ‘स्निक’ची, म्हणजे विद्यार्थ्यांच्या अहिंसक समन्वय समितीची, पोरं नेमकं काय करायची, तेही विचारलंस.

तिथली ग्यानबाची मेख अर्जातच होती. एकवीस प्रश्न. त्यात मिसिसिपीच्या राज्यघटनेच्या २८५ कलमांपैकी रजिस्ट्रार, म्हणजे नोंदणी अधिकारी, दाखवेल ते कलम उतरवायचं, त्याचा अर्थ लिहायचा आणि नागरिकाच्या कर्तव्यांवर चार ओळी. गोऱ्याच्या वाट्याला कलम ३० यायचं: कर्जापायी कैद नाही, एवढंच एक वाक्य. मळ्यावर राबणाऱ्या कृष्णवर्णीय फॅनी लू हेमरबाईंना कलम १६ आलं, पूर्वलक्षी कायद्यांचं. उत्तर बरोबर की चूक, हे रजिस्ट्रारच्या मर्जीवर. १९६२पासून एक रकाना रिकामा राहिला तरी अर्ज बाद, आणि अर्जदाराचं नाव दोन आठवडे वर्तमानपत्रात. म्हणजे मळेमालकाला आयतीच यादी!

म्हणून कार्यकर्ता पहिल्याच भेटीत कागद काढत नसे. गावातल्याच कुणाच्या घरी राहायचं, कापसाच्या शेतातून माणसं परतली की ओसरीवर बसायचं, त्यांचं ऐकायचं. मग चर्चमध्ये कोऱ्या अर्जावर सराव, रकान्यागणिक. नोंदणी कोर्टाच्या इमारतीत व्हायची; तिथे एकट्याला धाडायचं नाही, जथ्थ्यानं जायचं. ३१ ऑगस्ट १९६२ला रुलव्हिलहून अठराजण बसनं इंडियानोलाला गेले. परतताना पोलिसांनी बस अडवली, तिचा पिवळा रंग जास्त गडद म्हणून ड्रायव्हरला दंड! त्याच रात्री अठरा वर्षं राबलेल्या मळ्यावरून हेमरबाईंना हाकललं. जानेवारी १९६३मध्ये त्या परीक्षा पास झाल्या, तरी मत देता येईना, कारण दोन वर्षांच्या पोल टॅक्सच्या, म्हणजे मत देण्यासाठी भरायच्या कराच्या, पावत्या नव्हत्या. वर्षाला दोन डॉलर.

माझ्या मते खरं काम अर्ज दिल्यानंतरचं. नोंदणीचा सूड म्हणून मिसिसिपीतल्या लेफ्लोर काउंटीनं (जिल्ह्यानं) १९६२च्या हिवाळ्यात सरकारी शिधावाटपच बंद केलं. बावीस हजारांच्या आसपास माणसं त्यावर जगत होती. मग उत्तरेकडून ट्रकनं धान्य, कपडे, औषधं मागवली. तिथल्या ग्रीनवुड गावात शिधा घ्यायला रांगा लागल्या आणि त्याच रांगांमधली माणसं पुढे कोर्टाच्या पायऱ्या चढू लागली. ‘स्निक’च्या बॉब मोझेससारख्या कार्यकर्त्यांचं आठवड्याचं मानधन दहा डॉलर, कर कापून त्याहून कमी. जीवही जायचा: १९६१मध्ये मोझेसना साथ देणारे शेतकरी हर्बर्ट ली यांना एका आमदारानंच गोळी घातली, तोही सुटला.

नुसत्या चिकाटीनं आकडा हलला नाही, हेही ध्यानात घे. १९६४च्या उन्हाळ्यात सुमारे सतरा हजारांनी अर्ज दिले, सोळाशेच्या आसपास मंजूर झाले. ऑगस्ट १९६५च्या केंद्रीय मतदान हक्क कायद्यानं परीक्षा रद्द झाली आणि लेफ्लोरमध्ये केंद्र सरकारचे अधिकारी स्वतः नावं लिहू लागले. राज्यात कृष्णवर्णीयांची नोंदणी ६.७ टक्क्यांवरून १९६७पर्यंत साठाच्या जवळ गेली.

तुझ्या वस्तीत कुणाची भीती आहे, घरमालकाची की मुकादमाची, ते मला कळव.

तुझा,
अरुण