बी कापून पाहा, मग दर सांगा

संपादक महोदय,

काजूचा हंगाम सुरू झाला की बीचा दर नुसत्या किलोवर ठरतो. व्यापारी पोत्यात हात घालतो, मूठभर बी खुळखुळवतो आणि आकडा सांगतो. याच बीचा गर बाहेर जाताना मात्र एका पौंडात किती नग बसतात यावर विकला जातो : 210, 240, 320. आफ्रिकेतून येणारी बीसुद्धा 80 किलोच्या पोत्यात किती पौंड गर निघेल हे पाहूनच घेतात. मग कोकणातल्या बीची पारख मुठीवर का?

उतारा, म्हणजे बीच्या वजनात चांगला गर किती टक्के निघतो, ते काढणे मुळीच कठीण नाही. पोत्याच्या वरून, मधून आणि तळातून बी घ्यावी, नीट मिसळून एक किलो तोलावी आणि नग मोजावेत. मग प्रत्येक बी उभी चिरावी. डागी, किडका, पोचट गर बाजूला काढून चांगल्याचे वजन करावे. वेंगुर्ला-4 या काजूच्या जातीची बी सरासरी 7.7 ग्रॅमची, म्हणजे किलोत 130 च्या आसपास बसते आणि गर साधारण 31 टक्के निघतो. झोडपून पाडलेली कोवळी बी मिसळली की उतारा 25 टक्क्यांवरही येतो. क्विंटलमागे 6 किलो गराचा फरक, आणि दर दोघांना एकच! बोंडू, म्हणजे काजूचे फळ, पिकून आपोआप गळेपर्यंत थांबणारा, बी उन्हात दोन-तीन दिवस वाळवणारा शेतकरी यात नाडला जातो. वाळवल्याने वजन घटते, ते नुकसानही त्याचेच.

काजू फोडणाऱ्या बायकांचेही तेच. जिथे मजुरी अख्ख्या गराच्या किलोवर असते, तिथे तुकडा पडला की त्यांचा हात वाईट ठरतो. पण फोडण्याआधी बी वाफवतात; ती वाफ कमी बसली तर टरफल सुटत नाही आणि पाते गरात घुसते. बी रात्रभर निवू न देता फोडायला दिली तरी गर चिकटतो. वाफ जास्त झाली तर टरफलातले तेल गरात उतरून तो काळवंडतो. यातले काहीच त्यांच्या हातात नसते. त्यांच्या हातात असते ते कातडी जाळणारे तेल.

खरेदीच्या पावतीवर वजनाखाली दोन रकाने वाढवावेत : किलोतले नग आणि उतारा. कारखान्याच्या वहीत प्रत्येक घाण्याची, म्हणजे एका वेळी वाफवलेल्या बीची, वाफेची वेळ लिहावी, आणि तुकड्यांची मजुरी कापण्याआधी ते पान उघडावे.

– एक काजू बागायतदार, वेंगुर्ले