‘इतर’ म्हणजे कोण हो?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

कालच्या रविवार पुरवणीतला ‘कासाब्लांका’ या जुन्या हॉलिवूड पिक्चरवरचा लेख वाचला. अख्खं पान दिलंत, आनंद झाला. हिरो बोगार्टची टोपी, हिरॉइन बर्गमनचे डोळे, विमानतळावरचं धुकं, सगळं आलं. आणि शेवटून दुसऱ्या परिच्छेदात ते अमर वाक्य, ‘इतर सहकलाकारांनीही योग्य साथ दिली आहे.’ तिथं माझा चहा गार झाला.

इतर म्हणजे कोण? सुरुवातीलाच एक खिसेकापू येतो बघा, एका इंग्रज जोडप्याला सांगतो की जपून राहा बरं, इथं सगळीकडं गिधाडं आहेत गिधाडं, आणि बोलता बोलता त्या साहेबाचं पाकीट मारून पसार. जेमतेम मिनिटभराचं काम. पुढं एकदा दिसतो तेव्हा हॉटेलातला जाडा वेटर त्याचा नुसता धक्का लागला तर स्वतःचे खिसे चाचपतो. त्या माणसाचं नाव कुर्ट बॉइस. बर्लिनचा, जन्म १९०१. सहा-सात वर्षांचा असताना स्टेजवर आला, त्याच सुमारास सिनेमातही, म्हणजे आपल्याकडं फाळक्यांनी कॅमेरा हातात घ्यायच्या आधी. दिग्दर्शक लुबिचच्या १९१९ च्या मूकपटात तो बँडमास्तर होता, विसाच्या दशकात बर्लिनला त्याच्या नावावर थेटरं भरायची. मग हिटलर आला, हा ज्यू, देश सोडावा लागला. अमेरिकेत जाऊन काय तर खिसेकापू, नाहीतर १९४९ च्या एका पिक्चरमधे करोडपतीचा चमचा. पण तो चमचासुद्धा असा केलाय की हिरो कोण होता ते मी विसरलो, तो आठवतो.

आणि लेखक महाशय लिहितात की चित्रपटातल्या जर्मन नटांनी ‘आपल्याच लोकांच्या’ भूमिका केल्या. वा! त्यातला नाझी अधिकारी मेजर स्ट्रासर झालेला कॉनराड फाइट, त्याची बायको ज्यू, म्हणून तो १९३३ लाच जर्मनी सोडून गेलेला. आपले लोक म्हणे. आणि बॉइसचं तर नाझींनी काय केलं, तर १९२७ च्या एका विनोदी मूकपटात त्यानं बाईचा वेष केला होता तो तुकडा उचलून १९४० मधे ज्यूंविरुद्धच्या प्रचारपटात घातला, बघा हे लोक कसले असतात म्हणून. आपल्याकडं पुरुषानं शालू नेसून स्टेजवर आलं तर लोकांनी डोक्यावर घेतलं, तिथं त्याच गोष्टीचा पुरावा केला. हे ‘इतर’मधे कसं बसवणार ते तुम्हीच सांगा.

माझा जीव एवढा का जळतो तेही सांगून टाकतो. १९८० च्या दशकात राज्य नाट्य स्पर्धेत आमच्या ग्रुपचं नाटक होतं, मी पोस्टमन. तीन वाक्यं. पण तार मी आणतो म्हणून दुसरा अंक उभा राहतो. प्रयोगाच्या रात्री तारेचा कागदच विंगेत राहिला, मी खिशातलं एसटीचं तिकीट काढून ‘तार आहे साहेब’ म्हणून हातात दिलं, आणि आमच्या हिरोनं ते वाचून खरं रडून दाखवलं. टाळ्या पडल्या (त्याला). दोन दिवसांनी एका दैनिकात परीक्षण आलं, नाव सांगत नाही. वडिलांनी पाच अंक आणले. आई कात्रण हातात घेऊन विचारते, यात तू कुठायस रे? मी बोट ठेवलं, ‘इतरांची साथ समाधानकारक’. ती म्हणाली, समाधानकारक तर लिहिलंय की. कात्रण तिनं पंचांगात ठेवलं होतं.

असो. बॉइस १९५० मधे बर्लिनला परत गेला, ब्रेख्तच्या नाटकात पुंटिला जमीनदार केला, तेही मुख्य काम. ब्रेख्त म्हटल्यावर तरी ओळख पटेल, पुलंनी मराठीत आणलाय. आणि १९८७ मधे दिग्दर्शक विम वेंडर्सच्या देवदूतांच्या पिक्चरमधे तो म्हातारा, जो बर्लिनच्या भिंतीजवळच्या रिकाम्या माळावर पॉट्सडामर प्लाट्स हा जुना चौक शोधत फिरतो आणि त्याला ते सापडत नाही. कॉफी प्यायची जागा, दुकानं, काही नाही, नुसतं गवत. मग टाकून दिलेल्या एका खुर्चीत बसतो. फिल्म सोसायटीत बघताना मला वाटलं हा अभिनय करतच नाहीये, याचं गाव खरंच हरवलंय. त्याला त्या कामाबद्दल १९८८ मधे युरोपियन फिल्म अवॉर्ड मिळालं, सहाय्यक अभिनेत्याचं. पहिला सिनेमा आणि हा, यात ऐंशी वर्षं आहेत साहेब. १९९१ च्या नाताळात वारला, नव्वद वर्षांचा होऊन.

तर विनंती एवढीच की पुढच्या रविवारी कोपऱ्यात का होईना चार ओळींची दुरुस्ती छापा. आणि छापणारच असाल तर त्याच पानावरच्या शब्दकोड्याचं उत्तरही छापा, गेल्या रविवारचं उभे ७ पाच अक्षरी, चौकोन चार. मी सोमवारपासून त्यात अडकलोय.

आपला एक जुना वाचक,
सांगली